आणखी पाच मिनिटे

आयर्लंडमधल्या कॅव्हन या गावी आम्ही २०१४ साली राहायला आलो, तेव्हा शेजारच्या घरात ७६ वर्षांचे एक गृहस्थ एकटेच राहत होते. आमच्या मुलीने पहिल्याच दिवशी त्यांना आजोबा म्हणून हाक मारली, त्यांनी त्या शब्दाचा अर्थ विचारून घेतला आणि तो आनंदाने स्वीकारला. तेव्हापासून आमच्या घरात ते आजोबाच झाले. एके संध्याकाळी कुंपणापाशी बोलत उभे असताना त्यांनी मला विचारले, की १९४७ हे साल तुमच्याकडे कशासाठी लक्षात ठेवतात. स्वातंत्र्य आणि फाळणी, असे मी सांगितले. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "ते फार मोठे झाले. आमच्याकडे त्या वर्षी एक सामना झाला, आणि तो आमच्या कॅव्हनने जिंकला. मी नऊ वर्षांचा होतो. तो मी पाहिलेला नाही. आमच्या वाडीत कोणीच पाहिला नाही. आम्ही तो ऐकला."

तो सामना म्हणजे १४ सप्टेंबर १९४७ रोजी कॅव्हन आणि केरी या दोन काउंटींमध्ये, म्हणजे जिल्ह्यांमध्ये, झालेला अखिल आयर्लंड गेलिक फुटबॉल स्पर्धेचा अंतिम सामना. एरवी डब्लिनच्या क्रोक पार्कवर होणारा हा सामना त्या एका वर्षी अटलांटिक महासागरापलीकडे, न्यूयॉर्कच्या पोलो ग्राउंड्स या मैदानावर खेळवला गेला. त्याआधी किंवा त्यानंतर तो आयर्लंडबाहेर कधीही झालेला नाही. त्या सामन्याविषयी मी नंतर बरेच वाचले, बॅलीजेम्सडफच्या काउंटी संग्रहालयात या खेळाला वाहिलेल्या दालनातही मुद्दाम जाऊन आले. पण तो माझ्या मनात बसला तो आजोबांनी सांगितला तसाच, म्हणजे अंधारात, एका आवाजाच्या आधाराने.

गेलिक फुटबॉल ज्यांनी पाहिलेला नाही त्यांच्यासाठी दोन शब्द सांगितले पाहिजेत. दोन्ही बाजूंना पंधरा-पंधरा खेळाडू असतात. चेंडू पायाने मारता येतो आणि हातातही घेता येतो, मात्र तो हातात घेऊन चार पावलांपेक्षा जास्त पळता येत नाही. तेवढ्यात तो जमिनीवर आपटून परत घ्यावा लागतो, नाहीतर पळता पळता बुटाच्या टोकावर सोडून पुन्हा हातात उडवून घ्यावा लागतो, आणि हे दुसरे कसब पाहताना पहिल्या वेळी माझा श्वास खरोखरच रोखला गेला होता. आडव्या दांडीखाली जाळ्यात चेंडू गेला की गोल, त्याचे तीन गुण. दांडीवरून दोन उंच खांबांमधून गेला तर एक गुण, २०२५ पासून दूरवरून मारला तर दोन. गुणसंख्याही तशीच लिहितात, आधी गोल आणि मग गुण. या खेळाची संघटना १ नोव्हेंबर १८८४ रोजी थर्लस या गावातल्या एका हॉटेलात स्थापन झाली, आणि आजही काउंटीकडून खेळणाऱ्याला खेळण्याचा पगार मिळत नाही. रविवारी साठ-सत्तर हजार लोकांसमोर खेळलेला माणूस सोमवारी सकाळी आपल्या शाळेत शिकवायला किंवा गोठ्यात दूध काढायला हजर असतो. त्यामुळे संघ हा लोकांना आपल्या घरातलाच वाटतो.

हा सामना न्यूयॉर्कला नेण्याची कल्पना क्लेअर काउंटीचे पाद्री मायकेल हॅमिल्टन यांची. १९४७ हे त्यांच्या मनात एका विशिष्ट कारणाने होते. १८४५ साली आयर्लंडमधल्या बटाट्याच्या पिकावर करपा पडला आणि बटाट्यावरच जगणाऱ्या गरीब कुळांचा आधार तुटला. त्या दुष्काळातले सर्वांत भीषण वर्ष १८४७, ज्याला इथे अजूनही काळे सत्तेचाळीस म्हणतात. सुमारे दहा लाख माणसे भुकेने आणि तापाने मेली, दहा लाखांहून अधिक देश सोडून गेली. एकट्या कॅव्हन काउंटीची लोकसंख्या १८४१ साली सुमारे २ लाख ४३ हजार होती, ती १८५१ साली १ लाख ७४ हजारांवर आली. हे आकडे मी पहिल्यांदा वाचले तेव्हा कॅव्हनच्या आजूबाजूच्या टेकड्यांवर दिसणाऱ्या, छप्पर नसलेल्या, भिंतींत झाडे वाढलेल्या दगडी घरांकडे पाहण्याची माझी नजर बदलली. तोपर्यंत ते मला नुसते जुने अवशेष वाटत होते.

गेलेल्यांपैकी फार मोठा भाग न्यूयॉर्क आणि बोस्टनच्या बंदरांत उतरला. जाणे इतके कायमचे होते, की अमेरिकेला निघालेल्या मुलासाठी आदल्या रात्री घरी प्रेताशेजारी जागतात तसा जागर करण्याची रीतच पडली होती. शेजारीपाजारी रात्रभर बसत, गात, नाचत, आणि पहाटे आई दारापर्यंत येऊन परत फिरे. शंभर वर्षांनंतर त्या गेलेल्यांच्या नातवंडांसमोर देशातला सर्वांत मोठा सामना खेळावा, त्यामुळे अमेरिकेतल्या आयरिश वस्त्यांमध्ये मावळत चाललेल्या या खेळालाही पुन्हा उभारी येईल, असे हॅमिल्टन यांचे म्हणणे होते. विरोध मोठा होता, आणि तो अगदी साध्या माणसाचा होता: ज्यांनी वर्षभर पावसात उभे राहून आपल्या संघाला साथ दिली, त्यांच्यापासून त्यांचा अंतिम सामना काढून घेऊन तो परक्या शहरात का न्यायचा? मला हा विरोध आजही पटतो. तरीही परदेशी गेलेल्या एका माणसाचे पत्र अधिवेशनात वाचून दाखवले गेले आणि वारे फिरले असे सांगतात. पुढे संघटनेचे चिटणीस पॉड्रिग ओ कीव्ह स्वतः न्यूयॉर्कला गेले आणि त्यांनी सगळी तयारी उभी केली.

अंतिम फेरीत आलेल्या दोन काउंटींमध्ये बरोबरी नव्हती. केरी म्हणजे या खेळाचे राजघराणे; तोपर्यंत त्यांच्याकडे सोळा विजेतेपदे होती आणि आदल्या वर्षाचे विजेतेही तेच होते. कॅव्हनने १९३३ आणि १९३५ अशी दोनदा स्पर्धा जिंकली होती. १९३३ साली उपांत्य सामन्यात केरीला हरवून त्यांची सलग पाच विजेतेपदे होऊ न देणारे कॅव्हनच, हे आजोबा प्रत्येक वेळी न चुकता सांगत. पण त्यानंतर १९३७, १९४३ आणि १९४५ असे तीन अंतिम सामने कॅव्हन हरले होते, त्यांतला पहिला केरीकडूनच.

काही खेळाडू आणि पदाधिकारी कोव्ह बंदरातून मॉरिटेनिया या जहाजाने निघाले. कोव्ह हेच ते बंदर, जिथून शंभर वर्षे लाखो माणसे गेली होती. त्याच धक्क्यावरून आता परत येण्यासाठी निघालेल्या माणसांना निरोप दिला जात होता. बाकीचे विमानाने गेले. रिनॅनाच्या विमानतळावरून, म्हणजे आजच्या शॅननहून, अझोर्स बेटांवर आणि न्यूफाउंडलंडमध्ये थांबे घेत त्यांना न्यूयॉर्क गाठायला सुमारे तीस तास लागले. त्यांच्यातल्या बहुतेकांनी त्याआधी विमान जवळून पाहिलेलेही नसावे.

इकडे घरी वेगळीच तयारी चालली होती, आणि मला स्वतःला या सगळ्या इतिहासात तीच सर्वांत जवळची वाटते. आयर्लंडच्या खेड्यांत वीज पोहोचवण्याचे काम १९४६ साली नुकतेच सुरू झाले होते, त्यामुळे कॅव्हनच्या वाड्यावस्त्यांवर विजेचा पत्ता नव्हता आणि रेडिओ बॅटरीवर चालत. आजोबांच्या घरच्या रेडिओला दोन बॅटऱ्या लागत. एक कोरडी, आणि दुसरी काचेच्या जाड बरणीची, आत शिशाच्या पट्ट्या आणि आम्ल असलेली. ही बरणी उतरली, की तारेच्या कडीला धरून चार मैलांवरच्या गॅरेजात भरायला न्यावी लागे. ते काम आजोबांच्या थोरल्या भावाकडे होते. सायकलच्या दांडीला बरणी लटकवून तो एका हाताने सायकल चालवी, आणि हिंदकळलेल्या आम्लाचे थेंब पडून त्याच्या विजारीला गुडघ्याजवळ बारीक भोके पडलेली असत. सामन्याच्या आधी दोन आठवडे त्यांच्या वडिलांनी रेडिओला हात लावू दिला नाही. बातम्या नाहीत, संगीत नाही, हवामानसुद्धा नाही, आणि तेही सुगीच्या दिवसांत, जेव्हा गवत कधी कापावे हे हवामानावर ठरत असे. सगळी बॅटरी त्या एका रात्रीसाठी राखून ठेवायची होती.

न्यूयॉर्कमध्ये दुपार असताना आयर्लंडमध्ये अंधार पडलेला होता. वाडीत तो एकच रेडिओ होता, म्हणून वडिलांनी तो उचलून खिडकीच्या चौकटीत बाहेर तोंड करून ठेवला आणि अंगणात शेजारपाजारची माणसे येऊन बसली. कोणी दुधाच्या किटलीवर, कोणी गाडीच्या जूवर, बायका दाराच्या पायरीवर. दिवा मुद्दाम लावला नाही. अंगणात विड्यांची टोके तेवढी दिसत होती, असे आजोबा म्हणत.

पोलो ग्राउंड्स हे बेसबॉलचे मैदान होते, न्हाणीच्या टबासारखे लांबट, या खेळासाठी अरुंद. बेसबॉलचा हंगाम चालू असल्याने चेंडू फेकणारा जिथे उभा राहतो तो मातीचा उंचवटा हटवता आला नव्हता. बराच भाग गवत नसलेला, उन्हाने दगडासारखा झालेला, आणि वर न्यूयॉर्कचा उकाडा. आयर्लंडच्या मऊ, ओल्या हिरवळीवर वाढलेल्या पायांना हे सगळेच परके होते. आयोजकांना पन्नास हजारांच्या वर गर्दीची आशा होती, प्रत्यक्षात ३४,४९१ लोक आले. शहराचे महापौर विल्यम ओ'ड्वायर हे स्वतः मेयो काउंटीतल्या बोहोला गावात जन्मलेले. त्यांनी चेंडू मैदानात टाकून सामना सुरू केला.

सुरुवातीलाच केरीने धडाका लावला. बॅट गार्वीने गोल केला, मग एडी डाउलिंगने दुसरा, आणि बघता बघता केरीची आघाडी आठ गुणांची झाली. अंगणात कोणी बोलेना. आजोबांना आठवत होते, की त्यांची आई उठून आत गेली आणि चुलीपाशी उगाचच भांडी हलवत राहिली, कारण तिला बाहेर बसवेना. मग दोन गोष्टी घडल्या. डाउलिंग त्या कठीण जमिनीवर जोरात आपटला आणि त्याला बाहेर न्यावे लागले, आणि कॅव्हनच्या खेळाडूंना हळूहळू सूर सापडला. जो स्टॅफर्डने गोल केला. दुसरा गोल मिक हिगिन्सने केला, आणि हे मला फार विलक्षण वाटते, की या हिगिन्सचा जन्मच न्यूयॉर्कचा. १९२२ साली त्या शहरात जन्मलेले, लहानपणी आयर्लंडला परत आणलेले हे मूल, लाखोंच्या उलट दिशेने गेलेले, पंचवीस वर्षांनी कॅव्हनचा निळा सदरा घालून आपल्या जन्मगावी गोल करत होते. मध्यंतराला कॅव्हन २-५, केरी २-४. एका गुणाची का होईना, आघाडी कॅव्हनची होती.

दुसऱ्या अर्ध्यात पीटर डॉनहू या माणसाने सामना उचलून धरला. त्याने एकूण आठ गुण केले, बहुतेक सगळे फ्री किकवर. या खेळाची ओळख नसलेल्या न्यूयॉर्कच्या वार्ताहरांना त्याची अचूकता पाहून आपल्या बेसबॉलच्या बेब रूथची आठवण झाली आणि त्यांनी त्याला त्याच नावाने गौरवले.

हे सगळे कॅव्हनच्या अंगणात पोहोचत होते ते एका माणसाच्या तोंडून. मिहॉल ओ'हेर तेव्हा अवघ्या सत्तावीस वर्षांचे होते, पण अठराव्या वर्षापासून ते रेडिओवर धावते समालोचन करत होते आणि देशातल्या प्रत्येक घराला त्यांचा आवाज ओळखीचा होता. अटलांटिकपलीकडून सामना ऐकवायचा म्हणजे महासागर ओलांडणारी जोडणी भाड्याने घ्यावी लागे, आणि ती न्यूयॉर्कच्या वेळेप्रमाणे संध्याकाळी पाचपर्यंतच घेतलेली होती. सुरुवातीच्या समारंभांत, पाहुण्यांच्या ओळखींत वेळ गेला आणि सामना उशिरा सुरू झाला. शेवटची काही मिनिटे उरली, कॅव्हनची आघाडी थोड्याच गुणांची, आणि घड्याळाचा काटा पाचाकडे सरकू लागला. तेव्हा ओ'हेर यांनी खेळाचे वर्णन करता करता मधेच, त्या जोडणीच्या वाटेवर कुठेतरी बसलेल्या अनोळखी तंत्रज्ञाला उद्देशून विनवणी सुरू केली: वाटेत कोणी ऐकत असाल तर कृपा करून आम्हाला आणखी पाच मिनिटे द्या. ते पुन्हा खेळाकडे वळत, एक-दोन वाक्ये सांगत, आणि पुन्हा तीच विनंती करत. आपला आवाज अजून आयर्लंडपर्यंत जातो आहे की कधीच तुटला आहे, हे त्यांना कळायला काहीही मार्ग नव्हता.

त्या वेळी अंगणातली सगळी माणसे उभी राहिली, असे आजोबा सांगत. रेडिओसमोर कोणी उभे राहून काय उपयोग, पण राहिली. त्यांच्या वडिलांनी एक हात रेडिओच्या माथ्यावर ठेवला होता, आजारी गुराच्या पाठीवर ठेवावा तसा. आवाज खरखरत होता, लांब जात होता, परत येत होता. कुणीतरी, कुठल्यातरी खोलीत, ती जोडणी तोडली नाही. सामना संपला: कॅव्हन २-११, केरी २-७, चार गुणांनी. आणि शिटी ऐकू आल्याबरोबर वडिलांनी बॅटरी वाचवण्यासाठी रेडिओ बंद केला. "मला लोकांचा जल्लोष ऐकायचा होता," आजोबा म्हणत. हे वाक्य त्यांनी माझ्यासमोर निदान दहा वेळा उच्चारले असेल, आणि दर वेळी त्यांचा आवाज नऊ वर्षांच्या मुलाचा होत असे.

मी मिरजेची. आईशी माझे बोलणे रविवारी होते, आणि या बोलण्यात विचारणारी नेहमी मी असते आणि सांगणारी ती. पाऊस झाला का, शेजारच्या काकूंचे कसे आहे, आंब्याला मोहोर आला का. गणपतीत ती फोन देव्हाऱ्यापाशी उभा करून ठेवते आणि आरती मधेच तुटते. पुन्हा जोडली जाईपर्यंत पुढची दोन कडवी म्हणून झालेली असतात. घरी काय चालले आहे ते ऐकण्यासाठी जिवाचे कान करायचे, हे दूर गेलेल्यांच्याच वाट्याला येते असे मी धरून चालले होते. १९४७ च्या त्या रात्रीने ते उलटे केले. शंभर वर्षे अमेरिकेतली माणसे आयर्लंडमधून येणाऱ्या पत्रासाठी थांबली होती. त्या रात्री ती मैदानावर बसून डोळ्यांनी पाहत होती, आणि घरी राहिलेली सगळी माणसे अंधारात बसून दूरच्या आवाजाला कान देत होती, तो तुटू नये म्हणून उभी राहत होती. गेलेल्यांना किती ऐकावे लागते, हे राहिलेल्यांना त्या एका रात्री तरी कळले असेल असे मला वाटते. आजोबांची एक आत्या १९२० च्या दशकात न्यूयॉर्कला गेली होती आणि ती त्या दिवशी मैदानावर होती. तिने नंतर सविस्तर पत्र लिहिले, आणि आजोबांच्या आईने ते चुलीवरच्या फळीत कित्येक वर्षे जपून ठेवले होते.

त्या संघाचे पुढे काय झाले हे सांगताना मात्र आजोबा घाई करत. कॅव्हनने १९४८ साली पुन्हा स्पर्धा जिंकली. १९४७ च्या संघातला खेळाडू पी. जे. ड्यूक १९५० साली, अवघ्या पंचविसाव्या वर्षी वारला. १९५२ साली मिक हिगिन्सच्या नेतृत्वाखाली कॅव्हन पुन्हा विजेते झाले, आणि त्यानंतर जेमतेम सहा आठवड्यांनी, १९४७ चा कर्णधार, सैन्यातला अधिकारी जॉन जो ओ'रायली चौतिसाव्या वर्षी गेला. त्या १९५२ नंतर कॅव्हनने अखिल आयर्लंड स्पर्धा एकदाही जिंकलेली नाही. पोलो ग्राउंड्सही १९६४ साली पाडले गेले आणि तिथे राहण्याच्या उंच इमारती उभ्या राहिल्या.

२०२० साली करोनाच्या साथीमुळे स्पर्धा हिवाळ्यात ढकलल्या गेल्या. २२ नोव्हेंबरच्या रविवारी आर्मा इथे कॅव्हन आणि डॉनेगल यांच्यात अल्स्टर प्रांताचा अंतिम सामना होता. कॅव्हनने तो चषक १९९७ नंतर जिंकलेला नव्हता. मैदानात प्रेक्षकांना बंदी होती आणि कोणी कोणाच्या घरी जाण्यालाही. आजोबा तेव्हा ८२ वर्षांचे होते आणि मार्चपासून आम्ही त्यांच्या घरात पाऊल टाकलेले नव्हते. डबा उंबरठ्यावर ठेवून मागे सरकायचे, एवढेच. त्यांच्याकडे दूरचित्रवाणी संच होता, आमच्याकडेही होता. पण दुपारी त्यांनी स्वयंपाकघराची खिडकी उघडली, रेडिओ बाहेर तोंड करून चौकटीत ठेवला आणि आम्हाला हाक मारली. आम्ही कोट, टोप्या, हातमोजे घालून कुंपणाच्या आमच्या बाजूला उभे राहिलो. मुलीने गरम पाण्याची पिशवी पोटाशी धरली होती. थोड्याच वेळात अंधारू लागले, आणि दिवा लावू का असे मी विचारले तर त्यांनी मान हलवून नको म्हटले.

सगळ्यांनी डॉनेगल जिंकणार असेच धरले होते. शेवटच्या मिनिटांत कॅव्हनने गोल केला आणि १-१३ विरुद्ध ०-१२ असा सामना जिंकला. शिटी वाजली. मुलगी ओरडत अंगणात पळत सुटली. आजोबा खिडकीत उभे होते, त्यांचा एक हात रेडिओवर होता, आणि त्यांनी तो बंद केला नाही. आवाज आणखी वाढवून ते वाकून ऐकत राहिले. स्टँड रिकामे होते, त्यामुळे जल्लोष असा नव्हताच. मोकळ्या मैदानातून एकमेकांना मारलेल्या हाका, कुणाचे तरी हसणे, आणि चेंडू एकदा जमिनीवर आपटल्याचा आवाज, एवढेच येत होते.